पानावर नसलेलं नाव

रंगुबाईने झेंडूच्या देठातून सुई ओढली, फूल दोऱ्यावर खाली सरकवलं आणि म्हणाली, "वाच की. गप का झाली?"

यशोधराच्या मांडीवर लॅपटॉप उघडा होता. राहात्याहून निघताना तिने मनाची सगळी तयारी केली होती, पण या बाईसमोर बसल्यावर ते शब्द तोंडातून निघेनात.

"मावशी, फार घाण लिहिलंय."

"घानच आसनार. तोंडावर बोलत हुते तवा काय आरती करीत हुते?"

'गोदाकट्टा' नावाची एक वेबसाइट होती. तालुक्यातली पोरं खोट्या नावांनी तिथे गप्पा हाणायची. विषय ठरलेले: उसाचा भाव, क्रिकेट आणि जिच्या पाठीशी कोणी नाही अशी एखादी पोरगी. कट्टा केव्हाच ओस पडला होता, आता तो कायमचा पुसला जाणार होता. पुण्याच्या एका संस्थेसाठी यशोधरा अशा बंद वेबसाइटची पानं जपून ठेवायचं काम घरी बसून करायची. एरवी हाती लागायचे शिळे विनोद आणि दिवाळीच्या शुभेच्छा. या कट्ट्यावर मात्र एक पान असं निघालं, की तिला जेवण जाईना.

संस्थेचा नियम सोपा होता. माणसांची नावं झाकायची, मग पान सगळ्यांना खुलं करायचं. नावं झाकणाऱ्या प्रोग्रामने या पानावर एकच नाव झाकलं, रंगुबाईचं. कारण त्या मुलीचं नाव कोणी घेतलंच नव्हतं. नवरा सोडून गेलेल्या बाईची लेक म्हणून ती वरपासून खालपर्यंत 'रंगुबाईची पोर' होती. तेव्हा मुलीच्या आईला विचारल्याशिवाय पुढे जायचं नाही, असं यशोधराने ठरवलं आणि ती पुणतांब्याला आली.

ती वाचू लागली. मुलगी कुणाच्या मोटारसायकलवर दिसली, तिने काय घातलं होतं, अशा मुलीचं काय केलं पाहिजे. मग एकाने लिहिलं होतं, 'तिला नदी काय लांब आहे?' त्याखाली हसणाऱ्या चेहऱ्यांची रांग. मुलगी गोदावरीत गेली, त्याच्या आदल्या आठवड्यातलं ते पान होतं.

रंगुबाईने हातातलं फूल खाली ठेवलं, मग पुन्हा उचललं.

"तिनं वाचलं आसंल का गं हे?"

"माहीत नाही," यशोधरा म्हणाली. पण तिला माहीत होतं. वाचताना ते सांगणारी ओळ तिने गाळली होती आणि आता ते तिला सोसवेना. "वाचलं असणार, मावशी. कुणीतरी तिला पाठवलं होतं. तसं लिहिलंय इथे."

शिर्डीला माळा नेणाऱ्या टेम्पोचा हॉर्न दारात वाजला. रंगुबाईने भरलेल्या पाटीकडे बोट दाखवलं, टेम्पोवाला पाटी घेऊन गेला.

"पान पुसू द्यायचं की ठेवायचं, तुम्ही सांगाल तसं करू," यशोधरा म्हणाली. "पुसलं तर घाण जाईल, पण त्यांनी काय केलं ते कुणालाच कळणार नाही. ठेवलं तर तुमचं नाव झाकलेलं राहील."

"लिवनाऱ्यांची नावं?"

"खोटी आहेत सगळी."

"म्हंजी त्यांनी आपली आपनच झाकली. आन तिचं?"

"तिचं नाव त्यात नाहीच."

"कुठंच न्हाई?"

"नाही."

"मंग ठिव. वर तिचं नाव लिव्ह. आन माझंबी झाकू नको. शिवी म्हनून घेतलं त्यांनी, पन हुतीच ती माझी."

यशोधरा गडबडली. जुन्या पानात पदरचं अक्षर घालायचं नसतं. पण पानाचा मथळा तिच्या हातात होता. अडचण निराळीच होती.

"मावशी, मथळ्यात नाव आलं, की उद्या कुणीही मोबाईलवर तिचं नाव शोधलं तर पहिली ही घाण समोर येईल. कायमची."

"आन आत्ता शोधलं तर काय येतं?"

"काहीच येत नसेल," यशोधरा म्हणाली.

"मंग येऊ दे. ज्याला ते वाचायचं त्यानं आदी तिचं नाव वाचावं."

यशोधराने मथळ्याची चौकट उघडली आणि तिची बोटं तशीच थांबली. इतके दिवस ती हे पान वाचत होती. त्या मुलीसाठी रडली होती. संस्थेला पाठवलेल्या टिपणात तिनेही 'रंगुबाईची मुलगी' एवढंच लिहिलं होतं. तिला स्वतःची फार लाज वाटली.

"मावशी, काय नाव होतं तिचं?"

रंगुबाईने सुई दोऱ्याच्या रिळात खोचली आणि पदराला हात पुसले.

"निकिता," ती म्हणाली. यशोधराने ते लिहून घेतलं, तरी तिने ते आणखी एकदा सांगितलं, मघापेक्षा जरा मोठ्याने, आत कुणाला हाक मारावी तसं.