होकार

"तुझा चित्रपट लागलाय, आणि मला शेजारणीकडून कळावं?" ताईने तिकिटं माझ्यासमोर आपटली. लहानपणी तापात तिचे कान गेले. तेव्हापासून ती बोलते ते ओरडूनच, आणि दुसऱ्याचं बोलणं ओठांवरून वाचते.

काम सुटून महिना झाला होता. रोज ताईने भरलेला डबा घेऊन मी स्टुडिओच्या नावाखाली बागेत जाऊन बसत होते. आणि काम कसं सुटलं, ते नेमकं याच चित्रपटात होतं. मूकपट असला तरी ओठ हलतातच.

चित्रपट प्रेमाचा, विनोदी. नायक पाच रिळं माझ्यामागे धावतो आणि शेवटी मागणी घालतो. प्रत्यक्षात आमचं विळ्या-भोपळ्याचं सख्य. आवाज कुठे उमटतोय, म्हणून तो गोड हसत म्हणायचा, "सरक गं म्हशे, माझा चेहरा झाकतेस." मी लाजत म्हणायचे, "तुझा केसांचा टोप घसरलाय मेल्या." दिग्दर्शक बेहद्द खूश!

थिएटरात मी ताईला खांबामागे बसवू पाहिलं. ती तरातरा पहिल्या रांगेत गेली. माझ्या 'मेल्या'वर तर तिने मांडीवर थाप मारली. शेवटचं रीळ लागताच मी मुद्दाम शाल तिच्या तोंडावर टाकली. तिने ती भिरकावून दिली.

नायकाने गुडघे टेकले, फूल पुढे केलं. म्हणाला, "उद्यापासून येऊ नकोस. दुसरी घेतलीय. तुझं वय दिसायला लागलंय." मग पाटी आली: 'माझी होशील?' पडद्यावर मी लाजून मान हलवली.

"ह्यानं तुला काढलं?" ताई ओरडली. अख्खं थिएटर आमच्याकडे बघायला लागलं. "आणि तू हो म्हणालीस?"

"कॅमेरा चालू होता, ताई."

"मग रोज डबा घेऊन जातेस कुठं?"

"बागेत."

लोक टाळ्या पिटत होते. मला सगळ्यांचाच संताप आला, सगळ्यात जास्त त्या लाजणाऱ्या बाईचा.

सकाळी ताईने डबा भरला नाही. तिच्या शिलाई मशीनजवळ दुसरं स्टूल मांडलेलं होतं. मी बसले. तिने एक बाही माझ्या मांडीवर टाकली.

"टाके घालशील?"

मी मान हलवली.

"मान नको हलवूस," ती ओरडली. "तोंडानं बोल."

मी तिच्याकडे तोंड वळवलं आणि म्हटलं, "हो."