हळदीचा खांब

मी एक जुना सागाचा खांब आहे. बोनकोडे गावात, उंच सोसायट्यांच्या मध्ये एक बैठं कौलारू घर उरलं आहे. त्याच्या ओटीच्या मधोमध मी उभा असतो. दुपारी खाडीकडून वारा आला की माझा डोळा लागतो. मग मी पुन्हा झाड होतो आणि माझ्या पानांची सळसळ मला ऐकू येते.

मित्रांनो, एके काळी माझा काय थाट होता म्हणून सांगू! घरात लग्न निघालं की आंब्याचे टहाळे मलाच बांधायचे. बायका गाणी म्हणत मलाही हळद लावायच्या. मी चक्क लाजायचो! माझं नावच पडलं हळदीचा खांब. हा नुसता मानाचा, भार पेलणारा नव्हे, असं सगळे धरून चालले.

पुढे घरच्या शहाजीने माझ्या दोन्ही बाजूंना दोन गलेलठ्ठ खांब उभे करून घेतले आणि वर पीओपीचं छत मारलं. छप्पर पेलणारी आडवी तुळई झाकली गेली. माझ्यावर ओल्या छत्र्या टांगू लागले. फार वाईट वाटायचं हो! फक्त शहाजीची आई, चांगुणाबाई, रोज मला पाठ टेकून तांदूळ निवडायच्या.

यंदा शहाजीला ओटीवर गाडी लावायची हुक्की आली.

"यो हालदीचा खांब हाय, काप," तो पोपट मिस्त्रीला म्हणाला. "वजन त्या दोघांवं हाय."

चांगुणाबाई पलीकडेच बसल्या होत्या. मी गेलो तर छप्पर थेट त्यांच्या डोक्यावर! पण मला तोंड कुठे होतं? करवत बोटभर आत शिरली, तशी वरच्या भाराने माझी चीर मिटली. करवत अडकली.

पोपट दचकला. "दादा, पातं दाबलं जातंय. याच्यावर वजन आहे!"

त्याने नव्या खांबांवर टकटक केली. दोन्ही पोकळ. मग छत उचकटलं, तर अख्खी तुळई माझ्याच डोक्यावर टेकलेली! ते दोघे तर तिच्यापासून हातभर खालीच संपले होते.

"आये, पयली ऊठ तितून!" शहाजी ओरडला.

पोपटने तुळईला टेकू दिले आणि मला लोखंडी पट्ट्या आवळल्या. गाडी गल्लीतच राहिली.

मित्रांनो, कुठलाही खांब हलवण्याआधी एकदा वर बघा, त्याच्यावर काय टेकलं आहे ते.

संध्याकाळी चांगुणाबाई आतून चिमूटभर हळद घेऊन आल्या. घरात लग्न नव्हतं. त्यांनी ती माझ्या जखमेत भरली आणि नेहमीसारखी पाठ टेकली.