सोपानच्या वेणीतलं गंगावन

मी गंगावन बोलतंय. अंबाडा भरदार दिसावा म्हणून बायका केसांत जी जास्तीची वेणी गुंफतात, तीच मी. लोक मला खोटे केस म्हणतात, त्याचा मला राग येतो. माझा एकेक केस वारूळवाडीच्या सरूबाईच्या डोक्यावर वाढलेला आहे.

विंचरताना गळलेले केस बाकीच्या बायका सुया-मणी विकणारणीला देऊन टाकत. सरूबाईनं मात्र ते कोनाड्यात साठवले. तिचा मुलगा सोपान जुन्नरला आलेल्या नाटक मंडळीत शिरला होता आणि त्याला बाईचं काम मिळालं होतं. तेव्हा ती कामं पुरुषच करत. "लोकाचे केस कशापायी घालतो डोक्यात? माझे घाल की," म्हणत तिनं मला वळून त्याच्या हाती दिलं.

सोपानचं नशीब उघडलं. तो पदराआड हसला की पुढच्या रांगेतले पागोटेवाले चुळबुळ करायचे, आणि गायला लागला की एकदम गप्प व्हायचे. सगळी वाहवा त्याच्या गळ्याला. मी पाठीवर एवढं रुळायचं, पण माझं नाव कुणी काढलं नाही. असो.

गावच्या बाईमाणसानं नाटकाला जायची मात्र रीत नव्हती. जुन्नरला खेळ असला तरी सरूबाई घरी भाकऱ्या थापत बसायची.

"एकदा तरी बघायचंय रं तुला," ती म्हणायची.

"बघशील की आये. कुठं पळून चाललोय?"

माणसं हे फार सहज बोलून जातात.

मग एका हिवाळ्यात त्याचा गळा बसला तो बसलाच. काढे झाले, नवस झाले. मंडळीनं त्याला पडदा ओढायला लावलं आणि मी पेटीत गेलं. त्या दिवसांत तो आरशात बघत नसे. मला फार वाईट वाटायचं.

तेवढ्यात मुंबईच्या एका हलत्या चित्रांच्या कंपनीनं त्याला बोलावलं. त्या चित्रांना आवाजच नव्हता, मग बसलेल्या गळ्याची अडचण कसली? भर उन्हात, यंत्रासमोर, आम्ही दोघं पुन्हा उभे राहिलो.

आज त्या चित्राची फीत जळून गेलीय, सरूबाई आणि सोपानही गेले. त्याच्या कामाची साक्ष द्यायला मीच उरलंय, तेही कसर लागलेलं. तेव्हा वाचकहो, पुढचं तेवढं ऐका आणि मला परत पेटीत ठेवा.

नारायणगावात दलीचंद शेठच्या वखारीमागं तंबू लागला आणि त्यात सोपानचं चित्र आलं. बायकांना बसायला कनातीआड वेगळी जागा होती. सोपान आईला बैलगाडीतून घेऊन आला. दाखवायला म्हणून मलाही आणलं होतं. ती मला मांडीवर घेऊन बसली, शेजारी भावकीतली साळुबाई.

पडदा उजळला. कनातीपलीकडून सोपान म्हणाला, "आये, ती बघ, मी!"

"कुठं रं? मला तर नुस्तं पांढरं दिसतंय."

डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. तिनं ते त्याला कळू दिलं नव्हतं.

"तू तिथं बोलत का न्हाईस पण? बोलला असतास तर वळखला असता म्या."

तंबूत पडद्याशेजारी उभं राहून गोष्ट मोठ्यानं सांगणारा एक जण असे. इथं तो बहिरू होता. सोपान उठून त्याच्याजवळ गेला. "भाऊ, आज मी सांगतो," म्हणाला आणि पडद्यावरच्या बाईचं बोलणं आपल्या घोगऱ्या आवाजात बोलू लागला.

लोक हसले. "बाईला पडसं झालंय व्हय? खाली बसा, राव!" कुणीतरी ओरडलं. सोपान थांबला नाही. पडद्यावरच्या बाईनं तोंड उघडलं की तो बोलायचा, ती गायली की फाटक्या गळ्यानं गायचा. हळूहळू हसणं थांबलं.

सरूबाईनं मला घट्ट धरलं होतं. "साळू, आता काय करतोय त्यो?"

"रडतोय, काकू."

"पडद्यावर का खाली?"

साळुबाईनं जरा वेळ बघितलं.

"दोनीकडं."

"मग बघितला म्या," सरूबाई म्हणाली.