पाचवी आई

धाकटीने हात उचलला आणि मुलीच्या गालापासून वीतभर अंतरावर थांबवला.

“इथून जाईल माझा हात. गालाला लागायचा नाही. तू फक्त मान वळवायचीस, चपराकीचा आवाज नंतर टाकतात. कळलं?”

मुलीने मान डोलावली. चौदा-पंधरा वर्षांची असेल. कोपऱ्यातल्या खुर्चीवर तिची आई मांडीवर पर्स आणि हातात कंगवा घेऊन बसली होती.

धाकटी हे काही तिचं खरं नाव नव्हे, ते मालिकेतलं. तेराव्या वर्षी ती घराघरांतली धाकटी झाली आणि मालिका संपून जमाना लोटला तरी ते नाव काही तिची पाठ सोडेना. दुकानात बायका अजून हनुवटी धरायच्या. “अगं बाई, केवढी मोठी झालीस!” डोक्यात पांढरे केस आले, आणि म्हणे मोठी झालीस! काम देणाऱ्यांना तर तेवढंही पटत नव्हतं. त्यांना तिच्यात आई दिसेना, वहिनी दिसेना, खलनायिका तर नाहीच नाही. मधली सगळी वर्षं तिने कार्टूनमधल्या सशांना आवाज देण्यात घालवली. आज पहिल्यांदा कुणी आईच्या भूमिकेसाठी चाचणीला बोलावलं होतं. ही हातची गेली की पुन्हा ससेच, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

“बाई, एक सांगतो,” दिग्दर्शक म्हणाला. “या एका चपराकीत लोक धाकटीला विसरले पाहिजेत. जमेल?”

“जमेल.”

“ॲक्शन!”

मुलगी ठरल्याप्रमाणे उलटून बोलली. धाकटीचा हात उठला, ठरल्या वाटेने गेला, आणि मुलीने मान वळवलीच नाही. उलट डोळे घट्ट मिटून तिने गाल पुढे केला. हात सणकन गालावर बसला.

धाकटी हबकून त्या गालाकडे बघत राहिली. कॅमेरा चालूच होता.

“कट! अरे, काय टेक आहे!” दिग्दर्शक उठून उभाच राहिला. “मारल्यानंतरचा तो चेहरा! हीच आई पाहिजे मला. बाई, भूमिका तुमची. उद्या हाच प्रसंग चारी बाजूंनी घेऊ. असाच, खराखुरा.”

आनंद झाला. लाज वाटत असतानाही झालाच. धाकटी मुलीजवळ गेली.

“अगं, मान का नाही वळवलीस? फार लागलं का?”

“नाही हो ताई.” मुलगी हसायला बघत होती. “तुम्ही खूप हळू मारलंत. बाकीच्यांचं जास्त लागलं.”

“बाकीच्या कोण?”

“आधीच्या आया. तुम्ही सकाळपासून पाचव्या. मान हलली की टेक फुकट जातो, पुन्हा मारतात ना, म्हणून आई म्हणते, हलायचं नाही, गालच पुढे करायचा. एकात सुटका.”

तिची आई पावडर घेऊन आलीच होती. “गुणाची आहे माझी पोर,” ती कौतुकाने म्हणाली आणि लाल गालावर पफ फिरवू लागली.

धाकटीने त्या आईला हलकेच बाजूला केलं.

“इकडे बघ,” ती मुलीला म्हणाली. “माझा खांदा हलला की मान तिकडे. चल.”

हात उठला. मुलीचे डोळे मिटले, गाल पुढे आला. हात हवेतच थांबला.

“पुन्हा.”

“बाई, ते नका शिकवू तिला,” दिग्दर्शक शांतपणे म्हणाला. “सगळी मजा जाईल. मला दुसरी आई शोधायला लावू नका.”

“अहो, का आमच्या पोटावर पाय देताय?” मुलीची आई कळवळली.

धाकटीला भीती वाटत होती. चांगलीच वाटत होती.

“डोळे उघडे ठेव,” ती मुलीला म्हणाली. “पुन्हा.”

पुन्हा गालच पुढे आला.

दिग्दर्शकाने दाराकडे बघून आवाज दिला, “पुढच्या बाईंना पाठवा रे आत!”

दार उघडलं. धाकटीने तिकडे पाहिलं नाही. तिने हात उचलला, खांदा हलला, आणि मुलीची मान झटकन वळली. हात रिकाम्या हवेतून निघून गेला.

मुलीने गाल चाचपून पाहिला.

“लागलंच नाही!” ती एवढ्या मोठ्याने म्हणाली, की दारात उभ्या असलेल्या सहाव्या आईलाही ते ऐकू गेलं.