खिडकीतलं निवडुंग

बंगळुरातल्या राजाजीनगरचं घर सोडून पद्मावतीअक्का सर्जापूर रोडला मुलीच्या, भार्गवीच्या फ्लॅटवर राहायला आल्या, त्याला दोन महिनेही झाले नव्हते. स्वयंपाकघराची खिडकी बाहेरच्या पॅसेजमध्ये उघडायची. रोज अकराच्या सुमारास समोरच्या फ्लॅटमधला अद्वैत तिथे येऊन उभा राहायचा आणि आत टक लावून बघायचा. पाच मिनिटं, कधी दहा.

भार्गवी तेव्हा ऑफिसात. अक्का घरात एकट्या. हा माणूस हेरतोय तरी काय?

पाचव्या दिवशी त्यांनी खाडकन काच सरकवली. "काय बघताय ओ?"

तो दचकला. "सॉरी काकू. तुमचं ते निवडुंग."

"निवडुंग?"

"त्याचे काटे बघा, ओळीने गोल फिरत वर जातात. मीटिंगआधी माझी छाती धडधडते. त्या ओळी मोजल्या की बरं वाटतं."

"सरी," असं कानडीत 'बरं' म्हणून अक्कांनी काच लावून घेतली. विश्वास तिळभर बसला नव्हता.

दुसऱ्या दिवशी त्यांनी कुंडी खिडकीच्या पार कोपऱ्यात, तेलाच्या डब्याला खेटून ठेवली आणि स्वतः फ्रिजमागे उभ्या राहिल्या. अद्वैत आला. कुंडी जागेवर नाही बघून गोंधळला, मग मान वाकडी करून कोपऱ्याशी गेला. त्याचे ओठ हलत होते. आतल्या कपाटाकडे, हॉलकडे त्याने एकदाही पाहिलं नाही.

तो गेल्यावर अक्कांनी चष्मा चढवला. खोटं पकडायचंच, म्हणून त्याही मोजायला लागल्या. एका बाजूने वळणाऱ्या आठ ओळी. उलट बाजूने तेरा. चुकलं वाटून पुन्हा मोजल्या, मग आणखी एकदा. कुकरच्या शिट्ट्या किती झाल्या, कळलंच नाही.

"आत बोलव ना त्याला," संध्याकाळी भार्गवी म्हणाली.

"छे! ओळख ना पाळख."

पण त्यांनी कुंडी बाहेर स्टुलावर नेऊन ठेवली.

आठवड्याभराने एका संध्याकाळी भार्गवीला यायला फार उशीर झाला. फोनही लागेना. अक्का येरझाऱ्या घालून थकल्या आणि पॅसेजमध्ये आल्या. अद्वैत स्टुलावरच्या कुंडीपाशीच होता. काही न विचारता तो बाजूला सरकला.

अक्कांनी आधी दाराला बाहेरून कुलूप घातलं, दोनदा ओढून पाहिलं, आणि मग त्याच्या शेजारी उभ्या राहिल्या.