आज रोगी काय रे

पहिलेच सांगते, मी कोनाच्या सांगन्यावरून सैपाक करनारी बाई नाही. माझ्या जिभेले हाड नाही अन् हाताले माप नाही. पन अमरदीपच्या पुण्यस्मरनाच्या दिवशी मी त्यानं फोनवर सांगतलं होतं तसंच केलं, एका अक्षराचा फरक न करता.

अमरदीप माझा एकुलता एक. सात वर्सं कतारमधी एका अरबाच्या हॉटेलात सैपाकी राह्यला. मंग त्या अरबानं पोलंडात हॉटेल टाकलं अन् याले संगं नेलं. तिकडच्या लोकायचा एक पदार्थ असते. मैद्याची पारी लाटायची, आत बटाटा अन् पनीर भरायचं, करंजीवानी दुमडायची अन् उकळत्या पान्यात सोडायची. करंजी कोनी पान्यात सोडते काय, येडे आहेत काय ते लोक, असं मी त्याले तोंडावर म्हनलं. त्यानं त्यात अरबाची चव घातली. सारनात पुदिना अन् सुमाक नावाची आंबट लाल पूड, वरून लसनाचं दही. गिऱ्हाईक बोटं चाटत जाते म्हने.

नाव त्याचं पिएरोगी. मले काही ते बोलता येईना. मी म्हनलं, रोगी. खायच्या वस्तूले असं अवलक्षनी नाव ठेवते काय कोनी, तर पोरगं इतकं हसलं का फोन हातातून पडला. तवापासून आमच्या घरात त्याचं नाव रोगीच. रोज फोन आला का मी पहिले इचारो, "आज रोगी काय रे?" अन् तो म्हने, "हो माय, रोगीच."

मागच्या साली तो तिकडंच गेला. झोपेत हृदय बंद पडलं, असं कागदावर लिहून आलं. पेटी हैदराबादेत उतरली अन् तिथून गाडीनं आमच्या गावाले, इचोड्याले आनली. त्याचे बाबा मंडल ऑफिसात तीस वर्सं लोकायचे कागद लावत होते, पन या कागदाची घडी त्यायनं पुन्हा उघडली नाही.

माझं एकच समाधान होतं. पोरगं हातपाय चालता गेलं, अंथरुनाले खिळलं नाही, तळमळलं नाही. शेवटल्या दिवसापर्यंत चुलीपाशी उभं होतं, त्यानंच तर मले सांगतलं होतं. त्या एका गोष्टीवर मी वरीस काढलं.

महिपत त्याच्या तिकडच्या खोलीतला जोडीदार, आपल्या इकडच्याच वांकिडी गावचा. तो याच महिन्यात वापस आला. पुण्यस्मरनाले ये म्हनलं तर येतो-नाही येतो करून राह्यला होता. मीच झापला त्याले. आला तो खाली मान घालून, हातात अमरदीपच्या सामानातली सुमाकची पुडी घेऊन.

बाहेर मांडवात भंतेजी वंदना घेऊन राह्यले होते. आत मी पाऱ्या लाटत होती. पहिली खेप फुटली, सारं पातेलं बटाट्याचं झालं. मंग पोराचं बोलनं आठवलं, काठ ओला करून दाबायचा अन् वर तरंगली का काढायची. दुसरी खेप जमली. ती चव घेतलेला मानूस एकटा महिपतच, म्हनून त्याले आत बोलावून पहिलं ताट त्याच्या पुढं ठेवलं.

त्यानं एक घास खाल्ला अन् म्हनला, अशीच. माझा जीव भरून आला. मी म्हनलं, अशीच राहीन ना बाप्पा, शेवटचे तीन हप्ते तर तो रोज हेच करे. जवा फोन करावा तवा रोगीच.

महिपतचा हात ताटातच थांबला. कोनतं रोगी, त्यानं इचारलं. मी हसून त्याले आमच्या घरातली ती सारी गंमत सांगतली. त्यानं ताट बाजूले सारलं.

"काकू, हॉटेल तर तो जायच्या दोन महिने आधीच बंद पडलं होतं," तो म्हनला. "त्याले शेवटचे तीन हप्ते ताप होता. खोकला का रक्त पडे. हॉटेलसंगं तिथं राहाचे कागद संपले, दवाखान्यात गेलं तर वापस धाडतीन म्हनून गेला नाही. मी म्हनलं, घरी तरी सांग. तो म्हने, मी मायले रोज खरंच सांगतो, तिलेच हसू येते."

मले पहिले राग आला. मेलेल्या पोराचा राग, कोन्या मायले येऊ नये असा. मंग त्याचा शेवटचा फोन आठवला. मी नेहमीवानी इचारलं होतं, अन् तो हळू आवाजात म्हनला होता, "हो माय, आज लय रोगी." मी म्हनलं, मंग खाय पोटभर. कुकरची शिट्टी झाली म्हनून मीच फोन ठेवला होता.

बाहेर वंदना संपली. मानसं पंगतीले बसली. त्याच्या बाबानं मांडवातून आवाज देला, "रोगी झाले काय वो?"

झाले म्हनून सांगतलं अन् झारा पान्यात घातला.