माझ्या कडीला बांधलेली दीपमाला

मित्रांनो, शाळेच्या कार्यालयात खडूच्या खोक्यांखाली दबलेली एखादी हिरवी पत्र्याची पेटी तुम्ही पाहिली असेल. कोपरे चेपलेले, रंगाचे पोपडे उडालेले, झाकण म्हातारीच्या गुडघ्यासारखे कुरकुरणारे. आष्टी तालुक्यातल्या एका लहान गावच्या शाळेतली तशीच एक पेटी मी आहे. माझ्या पोटात दागिने नाहीत, लुगडी नाहीत. गोष्टीची पुस्तके आहेत.

केजच्या बाजारात एका पत्रेवाल्याने मला ठोकून घडवले. त्याने माझ्या पोटावर पिवळ्या रंगाने ‘फिरते वाचनालय’ असे लिहिले. आता त्यातले ‘फिर’ एवढेच उरले आहे. तरुणपणी मी खूप फिरले. त्रिंबक गुरुजी मला एसटीच्या टपावर चढवून या गावातून त्या गावात नेत. लिंबाखाली माझे झाकण उघडले की पोरे धावत येत. गुरुजी ओरडत, “आधी हात धुऊन या रे! तेलाचं बोट उमटलं तर बघा!” पोरे हात धुऊन, चड्डीला पुसून, पुन्हा मातीतच बसत. काय दिवस होते ते! माझ्या पोटातला नव्या कागदाचा वास मला अजून आठवतो.

माझ्याजवळ पक्ष्यांची पुस्तके होती, राजाराणीची होती. पण सर्वांत जास्त हाताळले गेले ते एकच, ‘शूर साहेब आणि रानातली टोळी’. त्याचे कागद गुळगुळीत, चित्रे रंगीत. साहेब गुलाबी गालांचा, पांढऱ्या घोड्यावर बसलेला. रानातली माणसे मात्र सगळी काळीकुट्ट, तांबड्या डोळ्यांची, मोठ्या दातांची. सगळ्यांना चेहरा एकच. त्यांना त्यात पारधी म्हटले होते आणि पारधी जन्मजातच चोर असतात, असे छापले होते. साहेबाच्या कुत्र्याला नाव होते. त्या माणसांपैकी एकालाही नव्हते. शेवटी साहेब त्यांचा म्होरक्या त्यांच्याच शिकारीच्या फाशांत पकडतो आणि गाव साहेबाला हार घालते.

त्रिंबक गुरुजी देवमाणूस होते. तेही ही गोष्ट रंगवून वाचत आणि पोरे खदखदा हसत. तेव्हा ऐकणाऱ्यांत पारध्याचे एकही लेकरू नव्हते. म्हणून कुणाला काही लागले नाही.

मित्रांनो, ही गोष्ट लिहिणाऱ्याने ती हवेतून आणली नव्हती. इंग्रजांनी कायदाच केला होता की काही जमाती जन्मतःच गुन्हेगार. निजामाच्या मुलखातही तसाच कायदा आला. पुढे इंग्रज गेले, निजाम गेला, कायदाही रद्द झाला. पुस्तक तेवढे राहिले.

गुरुजी निवृत्त झाल्यावर माझे फिरणे थांबले. मी या शाळेत कायमची मुक्कामाला आले आणि पुष्कळ वर्षे धूळ खाल्ली. मग सत्यशीलाबाई बदलून आल्या. त्यांनी मला पुसले, पुस्तकांना खाकी कव्हरे घातली. माळावरच्या पारधी वस्तीत जाऊन त्या एका मुलीला शाळेत घेऊन आल्या. ती दीपमाला. त्या वस्तीतून शाळेत आलेली पहिलीच. तिचे आईवडील ऊसतोडीला गेले, तेव्हा तिचा आजा सिदू म्हणाला, “पोरगी माझ्यापाशी ऱ्हाऊ द्या. ती शिकंल.” म्हणून ती मागे राहिली. मधल्या सुट्टीत ती माझ्याजवळच बसे आणि ओळीवर बोट ठेवून पक्ष्यांचे पुस्तक वाची. वाचलेल्या पानात तितराचे पीस खूण म्हणून ठेवी. ही पोर शाळेत टिकावी, एवढीच मला आस लागली होती. बाईंनाही तीच होती.

जानेवारीत गॅदरिंग ठरले. बाईंनी ठरवले की पोरांनी माझ्यातल्या एखाद्या गोष्टीचे नाटक करायचे. पोरांनी एका सुरात साहेबाची गोष्ट मागितली. गोरा म्हणून सुरज साहेब झाला. टोळीतल्या पोरांना तव्याची काजळी फासायचे ठरले.

“बाई, मला नका लावू,” दीपमाला म्हणाली. “मी हायेच काळी. काजळी वाचंल.”

सगळी हसली. तीही हसली.

बाईंनी तिलाच टोळीचा म्होरक्या केले. त्यांना वाटले, मागे बसणाऱ्या पोरीला मोठे काम मिळेल, ती पुढे येईल. “दीपे, तुझ्या आजोबांकडे खरे फासे आहेत ना? घेऊन ये. नाटक कसं जिवंत होईल!”

शिकार केव्हाच बंद झाली होती. चामड्याच्या वादीचे ते फासे सिदूने घरात देवाशेजारी टांगून ठेवले होते. कुणाला हात लावू देत नसे. पण नात म्हणाली, “आज्या, माझं लई मोठं काम हाय. मी तितरागत वरडणार हाय. तुमचं फासं बी लागतेत.” त्याने ते खाली काढले आणि तेलाचा हात फिरवून तिच्या हाती दिले, हे तिनेच बाईंना सांगितले. तालमीत तिचे हात ओढणीने बांधत आणि तिला गुदगुल्या होत. ती त्याला खेळच समजत होती.

गॅदरिंगच्या दुपारी मलाही रंगमंचावर नेले. लुटलेल्या खजिन्याची पेटी म्हणून! सिदू धुतलेला पटका बांधून आला. मंडपात खुर्च्या रिकाम्या होत्या, तरी तो कडेला जमिनीवर बसला. दीपमालाने तितराचा आवाज काढला, तेव्हा बाहेरच्या बाभळीतून खरेच एका तितराने ओ दिली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. सिदूने शेजारच्या माणसाला सांगितले, “नात हाय माझी.”

मग साहेब आला. क्रिकेटची पांढरी टोपी, गालांवर पावडर. “पकडा या जन्मजात चोराला!” सुरज ओरडला. त्याने खऱ्या फाशांनी दीपमालाचे हात माझ्या कडीला बांधले आणि वेताची छडी उगारली. मंडपातून कुणीतरी ओरडले, “हाण बे साह्यब, सोडू नको!” हशा पिकला. दीपमालाही हसत होती. हसता हसता तिने आज्याकडे पाहिले आणि तिचे हसू जागीच थांबले.

सिदू उठून रंगमंचावर चढला. कुणावर ओरडला नाही. त्याने खाली बसून एकेक गाठ सोडवली. गाठी आवळून बसल्या होत्या, म्हणून फार वेळ लागला.

“आजोबा, नाटक आहे हो ते,” सत्यशीलाबाई पुढे येऊन म्हणाल्या.

“व्हय बाई,” तो म्हणाला. “माझ्या बापाला बी असंच बांधलं व्हतं. तवा न्हवतं नाटक.” त्याने फासे गुंडाळून खांद्यावर टाकले. “हे फासं हरणासाठी हायेत. मान्सासाठी न्हाईत.”

नातीचा हात धरून तो गर्दीतून निघून गेला. पुढे लेझीम झाले.

दुसऱ्या दिवशी बाई वस्तीवर गेल्या. परतल्यावर कार्यालयात माझ्याच झाकणावर बसून रडल्या. सिदू त्यांना म्हणाला होता, “तुमचं काय चुकलं न्हाई, बाई. पुस्तकात छापलंय. छापल्यालं तुमी का आमी कसं पुसावं?” त्याने पोरीला एसटीने आईबापाकडे उसाच्या फडात नेऊन सोडले होते. हंगाम संपला. आईबाप परतले, ती परतली नाही. तिकडेच तिचे लग्न लावून दिले, असे शिपाई सांगत होता. बाईंचीही बदली झाली. जाण्यापूर्वी त्यांनी ते पुस्तक काढून टाकायला मागितले. वरून उत्तर आले की ती शासकीय मालमत्ता आहे, टाकता येणार नाही.

मित्रांनो, तुम्हाला एक विनंती करू का? एखादी गोष्ट वाचून पोट धरून हसाल, तेव्हा वर्गात कोण हसत नाही, तिकडे एकदा पाहा. आणि सगळेच हसत असतील, तर कोण शाळेत आलेच नाही, ते पाहा. पण मी हे कुणाला सांगते आहे? माझे झाकण आता वर्षातून एकदा उघडते, तेही पुस्तके मोजण्यासाठी. त्या वेळी चार पोरे भोवती जमतात आणि त्यांचे हात थेट गुळगुळीत चित्रांकडे जातात.

पक्ष्यांचे पुस्तक तळाशी आहे. तितराचे पीस अजून त्याच पानात आहे. त्याच्या पुढची पाने कुणी उलटलेली नाहीत.